जोडून पाहिलेलं घर

त्या दिवशीही मी डबा घेऊन माझ्या वडिलांच्या, अप्पांच्या, कारखान्यात गेले होते. श्रीपेरुंबुदूरजवळच्या त्या आवारात भिंती आणि छतं काँक्रीट ओतून तयार व्हायची, आणि युद्धात घरं गमावलेल्या जाफन्याच्या लोकांसाठी बोटीनं जायची. पाठवण्याआधी एक घर तिथंच जोडून पाहत. ते पुन्हा उतरवण्याआधी त्यात बसून जेवायचं, हा अप्पांचा नेम. म्हणायचे, "कोणी जेवलं नाही असलं घर कोणाला देऊं नये."

दार अजून बसलं नव्हतं. तरी क्षितिजनं भिंतीवर टकटक केलं.

"येऊ का, सर?"

"दारच नाही, तर विचारतोस काय? ये, बैस."

क्षितिज कोल्हापूरचा, अप्पांच्या हाताखालचा इंजिनीअर. एकदा कंपनीची बस चुकली, तेव्हा त्यानं मला बाइकवरून घरी सोडलं होतं. त्यानंतर माझी बस फारच चुकू लागली...

मी दहीभात वाढला, लोणचं वाढलं. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

"कोल्हापूरची माणसं तिखटानं रडतात वाटतं?"

"तिखटानं नाही. वाढणारी अशी बघत राहिली, की—" अप्पांकडे पाहून त्यानं घाईनं घास घेतला.

अप्पा खिडकीच्या चौकटीतून क्रेनकडे पाहत होते. जरा जास्तच वेळ. तो गेल्यावर हात धुताना म्हणाले, "हा कोण गे तुझा, तुळसी?"

"माझा? तुमच्याच ऑफिसातला."

"ऑफिसातल्याला लोणचं दोनदा वाढतात काय?"

मी डबा आवरत राहिले.

त्याच रात्री, झोपेतच, अप्पा गेले.

त्यांचे दिवस होईपर्यंत ते घर कुणी उतरवलं नाही. तेराव्यानंतर मी गेले, तेव्हा भिंतींच्या कड्यांत क्रेनचे हुक अडकवलेले होते. घर जाफन्याला निघालं होतं, आणि ते उभं करायला क्षितिजही. वर्षभरासाठी.

मला पाहून त्यानं हात वर केला. क्रेन थांबली.

"निरोप द्यायला आलीस?"

 अप्पा बसले होते त्या कोपऱ्यात मी केळीचं पान मांडलं. समोर दुसरं. क्षितिज त्या पानावर जेवायला बसला. दोन्ही पानांवर दहीभात वाढला. त्याला लोणचं वाढलं... आणि पुन्हा एकदा वाढलं.

मग कोपऱ्यातल्या पानाकडे पाहून मी मोठ्यानं म्हणाले,

"अप्पा, हा माझा आहे."