जागा रिकामी नाही

त्या दिवशी मी पाणीखात्याच्या भांडुपमधल्या चौकीवर गेले ती फक्त एका सहीसाठी. माझे पती सीताराम तिथे चावीवाले होते. रस्त्याखालचा व्हॉल्व्ह लांब लोखंडी चावीने फिरवायचा आणि टेकडीवरच्या वस्तीला पाणी सोडायचं, हे त्यांचं काम. गेल्या वर्षी त्याच व्हॉल्व्हपाशी ते कोसळले. अनुकंपा नियुक्तीच्या यादीत माझं नाव लागलं होतं. पण दिवाळीनंतर मला पंचेचाळीस पूर्ण होणार होती, आणि मग नाव यादीतून जातं. मुलगी निधी अजून शिकत होती. मला ती नोकरी हवी होती.

साहेबांनी पेन उचललंच नाही.

"जागा रिकामी आहे असं कसं लिहू, ताई? वस्तीला रोज पाणी येतंय. कोणीतरी सोडतंय ना? काम अडलं असतं तर वेगळी गोष्ट."

बाहेर आमच्या ह्यांचे सहकारी श्यामसुंदर उभे होते. मी विचारलं, "भावोजी, पाणी सोडतं कोण?"

"आमच्यातला कोणी नाही, वहिनी. साहेबाला वाटतं मी सोडतो. मला वाटायचं दुसरी पाळी सोडते. मग एकदा बघायला गेलो..."

"मग?"

"मग काय, बदलीचा अर्ज टाकला."

"मला चावी द्या."

"बाईमाणसाने त्या वेळी तिकडे..."

"हे एकटेच जायचे ना? तुम्ही खाली टपरीवर बसायचात."

त्यांनी चावी काढून दिली.

दिवेलागणीला मी चढ चढले. वस्ती मागे पडली. वळणावरचा दिवा बंद होता. एका बाजूला भिंत, दुसऱ्या बाजूला झाडी. ओल्या गंजाचा वास येत होता. व्हॉल्व्हच्या खड्ड्याचं झाकण आधीच बाजूला सरकवलेलं होतं.

आतून आवाज आला. लोखंडावर लोखंड घासल्याचा. मग एक धाप. पुन्हा घासणं, पुन्हा धाप. इतकी वर्षं शेजारी झोपून ओळखीचा झालेला श्वास... मी वाकून बघितलं. खड्ड्यात कोणी नव्हतं. व्हॉल्व्हचं डोकं मात्र सावकाश फिरत होतं. आणि चावी माझ्या खांद्यावर होती.

मी मागे फिरले नाही. चावी खाली सोडून व्हॉल्व्हवर बसवली. चावीचा आडवा दांडा हिसका देऊन माझ्या हातात फिरू लागला. पलीकडचं टोक कोणीतरी धरलं होतं.

"अहो... सोडा."

दांडा फिरत राहिला.

"तुम्ही सोडल्याशिवाय मला मिळणार नाही. निधीचं सगळं व्हायचंय अजून. पुरे झाली तुमची ड्युटी..."

दांडा थांबला. मग उलटा फिरला, शेवटपर्यंत, आणि जड होऊन पडला. खाली वस्तीत एक बाई ओरडली, "गेलं गं पाणी!"

मी चावी घेऊन परत आले. त्या आठवड्यात वस्तीला थेंब मिळाला नाही. श्यामसुंदर काय, दुसरं कोणीही तिकडे जाईना. मी वस्तीतल्या बायकांच्या शिव्या ऐकल्या, पण पुन्हा वर गेले नाही. शेवटी त्या हंडे घेऊन चौकीत घुसल्या. साहेबांनी सही केली.

दिवाळीच्या आधी मी रुजू झाले. पाणी मी एकटी सोडते. तळहाताला घट्टे पडले, पण जमतं.

परवा तापाने फणफणले होते. दिवसभर अंथरुणातून उठले नाही. अंधार पडल्यावर भान आलं तसा श्यामसुंदरना फोन केला, "भावोजी, आज कोणाला तरी पाठवा, पाणी राहिलंय."



"वहिनी... तुम्ही चौकीत आला नाहीत म्हणून मीच गेलो होतो वर. पाणी सुटलंय. सीताराम पलीकडून, तुम्ही अलीकडून, दोघं मिळून..."

"मी घरी आहे, भावोजी."

"मी हाक मारली. तो वळला. ओळखीचं हसलासुद्धा... तुम्ही नाही वळलात."