दोन दारांचे बांगडे

स्वप्नालीच्या स्वयंपाकघरात बांगड्यांचा तिसऱ्यांदा लगदा झाला, तेव्हा गणराजने कढईत डोकावून, आपल्याला घरी जरा काम आहे, असं जाहीर केलं. साक्षीने त्याचा शर्ट मागून धरला. चाखायचं तिघा मित्रमैत्रिणींनी ठरवलं होतं, तर आता तिघांनीच चाखायचं!

स्वप्नालीने एक घास तोंडात घातला आणि गुपचूप ओटा पुसायला वळली. कैरीचा आंबटपणा होता, तिरफळाचा झणका होता, पण आईची चव नव्हती.

मे महिन्याची सुट्टी लागली की आई कैरी ठेचायची, बांगड्यांना तिरफळ-मीठ लावायची, अगदी तिच्या कोकणातल्या माहेरी लावतात तसं, आणि ताट घेऊन समोरच्या दारात जायची. पुढचं काम लाजवंती आंटीचं. आंटी पिंपरी कॅम्पातली सिंधी बाई. ती कोथिंबीर-लसणाच्या हिरव्या वाटणात मासे शिजवायची आणि त्याला 'सयल' म्हणायची. दोघींनी मिळून हा पदार्थ जमवला होता, अर्धा या दारात आणि अर्धा त्या दारात. त्या दारामागे नेमकं काय व्हायचं, ते स्वप्नालीने कधी पाहिलंच नव्हतं. तेव्हा ती खाली लंगडी खेळत असायची ना!

आईला जाऊन वर्ष झालं होतं. वर्षश्राद्धाला आत्याने खीर-वडे केले. पण आईला खीर कधी आवडली होती? बाजारातली कैरी संपायच्या आत हे बांगडे जमायलाच हवे होते. आईचा आवाज आठवायला हल्ली स्वप्नालीला डोळे मिटावे लागत. चवही गेली तर आईचं उरणार काय?

साक्षीने सुचवलं, सरळ आंटीलाच विचारू. स्वप्नालीचा चेहरा एकदम कठोर झाला. शेवटच्या दिवशी एवढी जिवाभावाची मैत्रीण दवाखान्यात फिरकलीसुद्धा नाही, असं वासंतीआत्या सगळ्यांदेखत म्हणाली होती. तेव्हापासून दोन्ही दारं बंद होती.

"पण एक गंमत आहे," गणराज डोकं खाजवत म्हणाला. "आंटीने मासे सोडलेत म्हणे. मग दर बुधवारी आमच्या भाजीच्या गाडीवरून कैरी आणि दोन जुड्या कोथिंबीर कशाला नेते? आणि तीन वाजता डबा घेऊन जाते कुठे?"

आज बुधवारच होता. झालं! कढई तशीच राहिली आणि तिघं जिन्याखाली दबा धरून बसली.

आंटी बरोबर तीनला उतरली. तिच्या मागोमाग तिघं बसमध्ये चढली. गणराजने तोंडासमोर पेपर धरला होता, तोही उलटा. आंटी ज्या स्टॉपवर उतरली, तो पाहून स्वप्नालीने साक्षीचा हात घट्ट धरला. समोर आईला ठेवलं होतं तोच दवाखाना होता.

आंटी आत गेली नाही. डबा छातीशी धरून ती गेटबाहेरच्या झाडाखाली उभी राहिली. चारचे पाच झाले, पाचचे सहा झाले. सहा वाजता तिने डबा फुटपाथवर बसलेल्या एका बाईच्या हातात दिला, बहुधा कुणा पेशंटच्या आईच्या, आणि ती वळली. समोर स्वप्नाली उभी.

आंटी क्षणभर गोंधळली. मग खालीच बसली.

"बेटा, त्या दिवशी, त्या बुधवारी, मी आले होते. तुझ्या आईचा, रुपालीचा फोन आला होता, म्हणाली, लाजू, आपले बांगडे खायचेत मला. चार वाजता डबा घेऊन मी इथे उभी. वॉचमनने पास मागितला. एका पेशंटला एकच पास, आणि तो माझ्याकडे नव्हता. रुपालीचा फोन लागेना, तुझ्या बाबांना किती फोन केले! सहाला भेटायची वेळ संपली." तिने पदराने डोळे टिपले. "रुपालीला वाटलं असेल, मी आलेच नाही. तेव्हापासून मासे तोंडात घालत नाही, पण दर बुधवारी तिचा डबा तेवढा आणते."

घरी येऊन स्वप्नालीने हळूच कंपासपेटी उघडली. आत एक गुलाबी कार्ड होतं. बाबांच्या कंपनीच्या शर्टाच्या खिशात तिला ते मागच्या वर्षी सापडलं होतं. त्यावर पेनाने आईचं नाव लिहिलं होतं, म्हणून तिने ते जपलं होतं. कितीतरी रात्री ती ते उशाशी घेऊन झोपली होती. आता तिला उमगलं, तोच हा पास होता. त्या दिवशी सकाळी बाबा आईला भेटले, पास खिशात तसाच राहिला आणि ते सेकंड शिफ्टला चाकणला गेले. कंपनीत फोन लॉकरमध्ये ठेवावा लागतो.

त्या रात्री तिने ते कार्ड बाबांच्या ताटाशेजारी ठेवलं आणि आंटीने सांगितलेलं सगळं सांगितलं. बाबांचा घास हातातच राहिला.

"शिफ्ट सुटल्यावर अकरा मिस्ड कॉल दिसले," ते खाली बघत म्हणाले. "तेवढ्यात दवाखान्यातून फोन आला. पुढे वासंती तसं बोलली, तेव्हा मी गप्प बसलो. लाज वाटली गं, बाळा."

स्वप्नालीला त्यांचा भयंकर राग आला आणि तितकंच रडूही आलं. बाबा उठले आणि समोरच्या दारात हात जोडून उभे राहिले. आंटीने एवढंच विचारलं, घरात कैरी आहे का?

पुढच्या बुधवारी दोन्ही दारं सताड उघडी होती. स्वप्नालीने पाण्याचा तांब्या उचलताच आंटीने तिच्या हातावर चापटी मारली. थेंबभरही पाणी नाही! मंद आचेवर, झाकण ठेवून, बांगड्यांनी आपल्याच अंगच्या रसात शिजायचं. गणराजने कपाळावर हात मारला. तीन वेळा तांब्याने पाणी त्यानेच ओतलं होतं.

स्वप्नालीने पहिला घास घेतला आणि तिला हुंदका आवरेना. तीच चव होती. बाबांनी तिला जवळ घेतलं. सगळं कळून आलेल्या वासंतीआत्याने आंटीची माफी मागितली आणि तिघांच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली, की आम्हा मोठ्यांना जे वर्षभर सुचलं नाही, ते या पोरांनी केलं. आंटी म्हणाली, पोरीच्या हाताला रुपालीची चव आहे.

मग डबा भरला आणि सगळे निघाले. दवाखान्याच्या गेटवर वॉचमनने सवयीने हात पुढे केला. "पास?"

स्वप्नालीने गुलाबी कार्ड त्याच्या हातावर ठेवलं. त्याने नाव वाचलं, तारीख वाचली.

"हा वर्षापूर्वीचा आहे, बाळ. पेशंट कुठेय?"

"पेशंट नाही आता," स्वप्नाली म्हणाली. "पण आंटी त्या दिवशी वेळेवर आली होती, काका. तेवढंच आत सांगायचं राहिलं होतं."