मागे राहिलेलं हिरवं पान

विमलताई, बसा अशा दिव्याजवळ. लाइट यायला वेळ आहे, आणि तुमचे भाऊ दूध आणायला चौकापर्यंत गेलेत. वाटेत कुणी भेटलं की थांबतात, बोलतात. दिवाळीनंतर महिना-दीड महिना घरात शब्द न बोललेला माणूस आता कोपऱ्यावर उभा राहून गप्पा मारतो. तुम्हाला तेच बघून बरं वाटलं असेल. पण जेवताना तुम्ही चौथ्या ताटाकडे पाहिलंत. आपण तिघं जेवत होतो, पण ताटं चार होती, आणि एक भरलेलं ताट स्वयंपाकघराच्या दाराआड जमिनीवर ठेवलेलं होतं. ते यायच्या आत मी सांगते.

त्या जंगलाच्या सहलीचं बुकिंग तुम्हीच करून दिलं होतं. रजनी, त्याला घराबाहेर काढ, त्या खोलीसमोर बसून बसून दीनू वेडा होईल, असं तुम्ही फोनवर म्हणाला होतात. खोटं नव्हतं ते. भैरवीच्या खोलीच्या दाराशी खुर्ची टाकून ते बसायचे. ताट पुढं केलं तर जेवायचे, नाही केलं तर नाही. नागपूरहून तिला आणलं त्या दिवसापासून त्यांनी तिचं नाव घेतलं नव्हतं. माझ्यासमोर रडलेही नाहीत. मुलगी गेली ती गेलीच. हेही असेच हळूहळू जातील, एवढीच भीती मला उरली होती.

डिसेंबरातली सकाळ होती. वणी सोडली तेव्हा कोळशाच्या ट्रकांची रांग धुक्यात उभी होती. मारेगाव, करंजी, पांढरकवडा, आणि मग डोंगर सुरू झाले. गेटवर आमची जिप्सी उभी होती. ड्रायव्हर खेमसिंग, पिकल्या मिशांचा. गाइड पुष्पा नावाची मुलगी. जंगलातून उठवून बाहेर वसवलेल्या गावातली. वयानं आपल्या भैरवीएवढीच. खाकी शर्ट, वेणी, आणि तोंडाचा पट्टा अखंड चालू. खेमसिंग मला म्हणाला, "मॅडम, या पोरीचं तोंड बंद झालं तरच वाघ रोडवर येईन." ती म्हणाली, "मामा, तुमच्या गाडीचा खडखडाट आयकूनच वाघानं मांगच्या साली बदलीचा अर्ज टाकला." तुमचे भाऊ सरकारी नोकरीतले. बदलीचा अर्ज ऐकून त्यांच्या ओठाचा कोपरा जरासा हलला. मी ते पाहिलं आणि मनात तुमचे आभार मानले.

गेटच्या थोडं पुढे, चढ लागतो तिथे एका मोहाच्या झाडाखाली पानांचा ढीग आहे. कमरेएवढा. वर हिरवी पानं, खाली सुकलेली, त्याखाली काळी पडून माती झालेली. मधून एक शेंदूर लावलेला दगड दिसतो. पुष्पानं गाडी थांबवायला लावली. हा पालादेव, म्हणाली. तिच्या गावची रीत. जंगलात शिरताना ज्यानं त्यानं आपल्या हातानं एक पान इथं ठेवायचं. येताना आपलं पान आपणच उचलायचं आणि मागे न बघता बाहेर पडायचं. मोहफुलं वेचायला, डिंकाला जाणारी माणसं हेच करत आली. तिनं जवळच्या पळसाची हिरवी पानं तोडून एकेक सगळ्यांच्या हातात दिली. मी विचारलं, मग ही खालची सुकलेली कुणाची? ती गाडीकडे वळता वळता म्हणाली, काही विसरून गेलेल्यायची. थोड्या वेळानं म्हणाली, सगळेच काही विसरून नाही गेले.

तुमच्या घरची सवय तुम्हाला माहीतच आहे. सासूबाईंनी लावलेली. देवळात गेलं की घरी राहिलेल्या माणसाच्या नावानंही एक फूल वाहायचं, त्याच्या वाटचा नमस्कार आपण करायचा. यांनी पुष्पाला विचारलं, घरी असलेल्याच्या नावानं ठेवलं तर चालतं का. तेवढं विचारताना त्यांचा आवाज अगदी साधा होता.

पुष्पा थांबली. म्हणाली, "नाही साहेब. घरच्याचं नाही ठेवाचं. ज्याचं पान इथं पडलं तो आत आला, असं जंगल धरून चालते. मंग त्याले भायेर न्या लागते."

त्यांनी मान हलवली. ती गाडीत चढायला वळली तेव्हा त्यांनी पळसाचं आणखी एक पान तोडलं, आपल्या पानाशेजारी ठेवलं आणि दगडाला हात लावून नमस्कार केला. मी ते पाहिलं. तिच्या नावाचं काहीतरी ते करत होते, तेवढंच मला पुरेसं होतं.

मग आम्ही वर चढत गेलो. सागाचं जंगल, मधूनच गवताचं पठार, खाली तळं. आम्ही दोघं मधल्या बाकावर होतो. मागचा बाक रिकामा होता. पहिल्या वळणावर हे थोडे कडेला सरकले आणि म्हणाले, "रजनी, जरा तिकडे हो ना." मला वाटलं ऊन लागत असेल. पण त्यांनी आमच्या दोघांच्या मधोमध वीतभर जागा केली होती, आणि तिथे कुणी बसणार नव्हतं. आठवतं ना, भैरवी गाडीत मागे बसली की दोन सीटांच्या मधून हनुवटी पुढे काढून बसायची? अगदी कॉलेजात गेली तरी.

तेवढ्यात मला बडीशेपेचा वास आला. तिच्या पर्समध्ये कायम पुडी असायची. वास आला आणि माझ्या खांद्याला, इथे, मानेजवळ, हलकीशी ऊब लागली. कुणीतरी श्वास सोडल्यासारखी. मी मान वळवली नाही. वळवली तर जाईल, असं वाटलं. घाबरले नव्हते मी. खरं सांगते, त्या क्षणी मला भीतीचं नावही आठवलं नाही.

चितळांचा एक कळप रस्त्याच्या कडेला चरत होता. आम्ही जवळ गेलो तशा सगळ्या माना वर झाल्या, आणि एका मादीनं तीक्ष्ण आवाज काढला. मग दुसरीनं. वरून वानर खाकरलं. पुष्पा उभी राहून चारी बाजूंनी बघू लागली. वाघ जवळ असला की असा कॉल देतात, म्हणाली. खूप वेळ आम्ही थांबलो. वाघ आला नाही. ती हळूच खाली बसली आणि खेमसिंगला काहीतरी बोलली. खेमसिंगनं मान वर न करता समोरचा आरसा हातानं फिरवून आभाळाकडे केला. पुढच्या पठारावर नीलगाईंनीही तसंच केलं. त्या जंगलाकडे बघत नव्हत्या, ताई. आमच्या गाडीकडे बघत होत्या. त्यानंतर पुष्पा फारशी बोलली नाही.

हे मात्र बोलत होते. हळू आवाजात, मान किंचित मागे करून. तो बघ मोर. तो अर्जुन, सालावरून ओळखायचा. तुला सांगितलं होतं ना, खाली जुनं गाव होतं म्हणून. डबा उघडला तेव्हा धपाट्याचा एक तुकडा त्यांनी झाकणावर बाजूला काढून ठेवला. मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत राहिले. असा चेहरा मी तिच्या दहावीच्या निकालाच्या दिवशी पाहिला होता.

दिवस कधी उतरला कळलं नाही. गेट बंद व्हायची वेळ झाली तेव्हा आम्ही पालादेवापाशी आलो. मोहाखाली अंधारून आलं होतं. मागे दुसरी एक जिप्सी येऊन हॉर्न देत होती. पुष्पानं घाई केली. खेमसिंगनं आपलं पान उचललं, तिनं उचललं, मी उचललं. यांनी आपलं उचललं, मग नमस्काराला वाकले आणि हात पुन्हा ढिगात घातला. जरा वेळ लागला. हात बाहेर काढून त्यांनी काहीतरी शर्टाच्या खिशात सरकवलं. ते काय करत होते हे मला कळलं. मी त्यांना थांबवायला हवं होतं, असं आता तुम्ही म्हणाल. पण अंधार पडत होता. मुलीला अशा ठिकाणी एकटी सोडून या, असं कुठल्या तोंडानं म्हणू?

पुष्पानं मोबाइलचा उजेड ढिगावर धरला. "एक हिरवं राह्यलं न..." ती म्हणाली. "कोनाचं हाय?"

हे म्हणाले, मागच्या गाडीतल्यांचं असेल.

तिनं आमच्या सगळ्यांच्या हातांकडे पाहिलं. मागून पुन्हा हॉर्न वाजला. खेमसिंगनं गाडी सुरू केली. ती चढली, पण गेटपर्यंत सारखी मागे बघत होती. मागे बघायचं नाही हे तिनंच आम्हाला सांगितलं होतं.

गेटवर आमची कार होती. कारमध्ये बसल्यावर माझ्या लक्षात आलं की बडीशेपेचा वास येत नाही. मागच्या सीटवरून चुलीच्या धुराचा आणि कुजक्या ओल्या पानांचा वास येत होता. मला वाटलं, आमच्याच कपड्यांना लागला असेल. यांनी वळून मागच्या सीटवर आपली शाल नीट पसरली. थंडी वाजते तिला, म्हणाले. गेल्या कितीक दिवसांत "तिला" हा शब्द पहिल्यांदा त्यांच्या तोंडून निघाला होता. रात्री दारासमोर न बसता ते झोपले. सकाळी उठले, दाढी केली, पोहे मागितले. मी मोरीत तोंडाशी पदर धरून रडले.

मग शर्ट धुवायला घेतला. खिशात पान होतं. पळसाचं नव्हतं. सागाचं होतं, ताई, आणि ते त्या दिवसाचं नव्हतं. सगळा गर गळून गेलेला, नुसत्या शिरांची जाळी उरलेली. कित्येक वर्षं ढिगाच्या तळाशी पडून असतं तसं. वाकून, अंधारात, घाईनं त्यांनी हात घातला आणि खालचं कुणाचं तरी उचललं. आमच्या पोरीचं वरच राहिलं. हिरवंगार.

तेव्हा मला पुष्पाचं बोलणं कळलं. सगळेच काही विसरून गेले नव्हते, काही जंगलातून बाहेर आलेच नव्हते.

आत्तापर्यंत तुम्ही ओळखलंच असेल. घरात जे आहे ते भैरवी नाही. भैरवी खुर्चीवर मांडी घालून बसायची, दिवे लावत फिरायची, तिला अंधार सहन व्हायचा नाही. हे दाराआड बसतं. जमिनीला टेकून. तिथली फरशी दुपारीही गार असते. ताटातलं काही कमी होत नाही, पण भातावर बोटांचे ठसे असतात. लहान बोटांचे. यांना वाटतं ती दमलीय, आजारातून उठलीय, बोलेल हळूहळू. रोज संध्याकाळी तिथे बसून तिला वर्तमानपत्र वाचून दाखवतात. मी काय सांगू त्यांना? तुम्ही आणलीत ती आपली नाही, आपली तिथेच मोहाखाली उभी आहे, आपण तिला घेऊन गेलो आणि गेटावर सोडून आलो? हे ऐकलं की ते पुन्हा त्या खुर्चीवर जाऊन बसतील. मग तिथून उठणार नाहीत.

एकदा त्यांच्या नकळत मी पुष्पाला फोन केला. तिनं सगळं ऐकून घेतलं. म्हणाली की दुसऱ्याच दिवशी ती ढिगापाशी गेली होती, पण वरचं पान वाऱ्यानं उडालं की कुणी नेलं, तिला दिसलं नाही. शेवटी म्हणाली, "तुमच्या घरी जे आलं हाय न मॅडम... त्याच्या मायनं लय वाट पाह्यली असन. त्याले मारझोड करू नोका. हाकलू नोका."

परवा तिन्हीसांजेला मी कणीक मळत होते. मागून हाक आली, "माय..." अगदी बारीक. भैरवी मला कधी माय म्हणाली नाही. मला सगळं कळत होतं, ताई. तरी माझ्या तोंडून "ओ" निघून गेलं. तेव्हापासून ते माझ्या पायापायांतून असतं.

फाटक वाजलं वाटतं. आले ते. तुम्ही मोठ्या आहात, तुम्ही सांगाल तसं करीन. त्यांना सांगायचं की नाही, एवढंच मला सांगा. पण आत्ता नको. आणि ताई, दचकू नका. मी बोलायला लागले तेव्हापासून तुमचा उजवा हात चटईवर काहीतरी थोपटतोय. निजवताना थोपटतात तसा. तुमच्या लक्षात आलेलं नाही.

हात एकदम काढून घेऊ नका.