रविवारचा तोच सिनेमा

शुक्रवारी हॉस्पिटलचा फोन आला. मुरलीधर यांच्या रक्तात दारू सापडली होती. नवं लिव्हर मिळण्याच्या यादीतून त्यांचं नाव काढलं होतं.

त्यांची मुलगी अक्षया ब्रिस्टलमध्ये विम्याचे खोटे क्लेम शोधायची. रविवारी ती वॉटफर्डला आई-बाबांच्या घरी पोचली. घरातली शेवटची बाटली तिनेच पाच महिन्यांपूर्वी सिंकमध्ये ओतली होती. बाबांचे पाय सुजलेले. ते दारापर्यंतही जात नव्हते. मग दारू घरात आली कशी?

बाबा सोफ्यावर, लोकरी कव्हरातली शेकायची पिशवी कवटाळून बसले होते. तिने त्यांचे हात हातात घेतले. बर्फ.

समोर तोच जुना सिनेमा. दारूबंदी, स्मगलर, आणि जिवलगानेच केलेला दगा. बाबांचे मित्र संजयकाका दर रविवारी तो घेऊन येत; आजही ते शेजारी बसले होते.

"काका, बॅग दाखवा."

"बघ की! डीव्हीडी आणि चकल्या. अगं, चकली द्यायलासुद्धा मी वहिनींची परमिशन घेतो!"

"आई बघते हा सिनेमा?"

"बघतात. फक्त ती बाई रबरी पिशवीत दारू भरून, पोटाला बांधून पोलिसांसमोरून जाते ना, तेव्हा उठतात. चहा टाकायला."

अक्षया किचनमध्ये गेली. आई, मधुमती, ओटा पुसत होती. अक्षयाने केटलला हात लावला. गार.

"आई, केटल तर गार आहे. मग बाबांची पिशवी कशाने भरलीस?"

दळण संपलं तरी जातं फिरत राहावं, तसे मधुमतीचे हात फिरत राहिले.

"शेकायची पिशवी धरून त्यांचे हात बर्फासारखे कसे? युक्ती सिनेमातून घेतलीस, म्हणून तो सीन तुला बघवत नाही. व्होडका ना? वास येऊ नये म्हणून?"

"माझे पाय धरायचे गं ते. शंभरदा नाही म्हटलं. मग एक दिवस तोंडातून 'नाही' निघेचना."

"पण आज? फोन आल्यावरही?"

"आता यादीत नावच नाही. आता कशासाठी नाही म्हणू, सांग."

खोटा क्लेम सापडला की अक्षया त्यावर शिक्का मारायची. इथे काय मारणार?

तिने बाबांच्या हातून पिशवी घेतली, सिंकमध्ये रिकामी केली. केटल लावली. गरम पाण्याने भरून पुन्हा त्यांच्या मांडीवर ठेवली.

बाबा दचकले. आधी तिच्याकडे, मग दारातल्या मधुमतीकडे बघत राहिले.

"भाजतंय गं," ते हळूच म्हणाले.

पण पिशवी सोडली नाही.