चौथ्या दिवशी कोष

बरणी घासून जेमतेम चार दिवस झाले होते, आणि आज तिच्यात कोष वळवळत होते.

अरुंधतीने विजेरी जवळ नेली. स्वल्पविरामासारखे वाकलेले, काळपट, एकोणतीस कोष. डास होऊन उडण्याआधीची शेवटची अवस्था. बाकी मनी प्लांटच्या त्या बरणीतलं पाणी नितळ होतं. एकही लहान अळी नाही, अळीने टाकलेली कात नाही. तळाशी तेवढा चिमूटभर राखाडी गाळ.

"निघाले ना परत?" विनायककाका स्वयंपाकघरातून म्हणाले. "बसा. चहा टाकलाय."

पातेलं गॅसवर होतं. ओट्यावर धुतलेला थर्मास उपडा घातला होता.

काका बांधकाम खात्यातले निवृत्त ओव्हरसीअर. उलव्यातल्या या इमारतीत पाचव्या मजल्यावर एकटेच राहत. अरुंधती आरोग्य विभागात कंत्राटावर होती. प्राणिशास्त्राची पदवी घेऊन घरोघरी डासांच्या अळ्या शोधत हिंडायची. जिथे सापडतील तिथे दर गुरुवारी फेरी, नाही तिथे महिन्याने. काकांकडे सलग अकरा गुरुवार झाले होते. आजचा सोमवार मात्र वेगळा होता. तिसऱ्या मजल्यावरची सात वर्षांची निशा डेंग्यूने दवाखान्यात होती, म्हणून सकाळी नऊलाच सगळ्यांना निरोप गेला होता: अकरा वाजता तपासणी.

सोसायटीच्या सेक्रेटरी हेतलबेन दारातच उभ्या होत्या. "काका, पाणी कोणी भरलं हे?"

काकांनी गॅस बारीक केला. "बुधाजीने. परवा. खालच्या पिंपातलं."

"बघा! मी म्हणतच होते. पाच वाजता मीटिंग आहे. आजच काढते त्या वॉचमनला."

"आधी पिंप बघते," अरुंधती म्हणाली.

"बघा ना. पण कोणाला तरी रिस्पॉन्सिबल धरायला नको?"

बुधाजी शेजारच्या गव्हाण गावचा, साठीचा. गेटजवळ स्टुलावर बसून डबा खात होता.

"मी काय केला नाय, ताई. पिंप शुक्रवारपासून उपडाच हाय. तुमीच बोललेलाव ना, आठवड्यात एक दिस कोरडा ठेवायचा? माजं बादलीत भागतंय."

तिने पिंप सरळ केलं. आत कोळ्याने जाळं विणलं होतं.

"काकांच्या घरी पाणी नेलं होतं?"

"त्यांच्या उंबऱ्याला पन गेलो नाय कवा. ते माज्याशी बोलत नाय. सकाली थर्मास घेऊन समोरच्या साइटवर जातात. आज दोनदा गेले. मी सलाम करतंय, ते घड्याल बघतात."

"दुसऱ्यांदा किती वाजता?"

"दाहाच्या सुमाराला."

अरुंधतीने त्याच्या डब्यातली लिंबाची फोड मागून घेतली आणि बरणीतून नमुन्याला घेतलेल्या गाळावर पिळली. बारीक फेस आला.

"औषध हाय काय ह्यो?"

"नाही. सिमेंट."

समोरच्या साइटवर दर नव्या स्लॅबवर, सिमेंट पक्कं व्हावं म्हणून, कडेने बांध घालून पाणी साठवत. सुपरवायझर मिथुन तिला वर घेऊन गेला. पाण्यात लहान-मोठ्या अळ्या, कोष, तरंगणाऱ्या काती; सगळं एकत्र नांदत होतं.

"काका? रोज येतात," मिथुन हसला. "स्लॅबच्या चुका काढतात. आम्ही हो हो म्हणतो नि कामाला लागतो."

साडेचारला तिने काकांची बेल वाजवली.

"पाणी बुधाजीने भरलं नाही, काका."

"मग कोणी?"

"डेंग्यू पसरवणाऱ्या एडिस डासाची मादी भांड्याच्या भिंतीला, पाण्याच्या जरा वर अंडी चिकटवते. हा डास मूळचा आफ्रिकेतला, जहाजांवरच्या पाण्याच्या पिंपांतून जगभर पसरला असं मानतात. अंडी महिनोन्‌महिने कोरडी तग धरतात, म्हणून गुरुवारी मी बरणी ब्रशने घासली. तरी एखादं राहिलं असेल, तर अळी चार वेळा कात टाकते तेव्हा कोष होतो. त्याला किमान पाच-सहा दिवस लागतात. आज चौथाच."

काकांची नजर ओट्यावरच्या थर्मासकडे गेली.

"एकोणतीस कोष म्हणजे शंभरावर काती. बरणीत एकही नाही. ते वाढले समोरच्या स्लॅबवर, आणि आज दहा वाजता थर्मासातून इथे आले. गाळासकट. एरवी मी सातव्या दिवशी यायचे, म्हणून शंका आली नाही. आज तपासणी अचानक ठरली, तुम्हाला दिवस मोजायचं सुचलं नाही."

काका खुर्चीत बसले. "एकही डास उडू दिला नाही मी. गुरुवारी सकाळी आणायचो, तुम्ही अकराला ते पाणी ओतून द्यायच्या."

"कशासाठी?"

"घर स्वच्छ निघालं तर तुम्ही महिनाभर येत नाही." ते दाराकडे बघत म्हणाले, "दुसरं कोणी ती बेल वाजवतच नाही."

अरुंधती पनवेलला एका खोलीत एकटीच राहत होती. गुरुवारची वाट तीही बघायची. तरी ती म्हणाली, "समोर अळ्या आहेत हे तुम्हाला अकरा आठवडे माहीत होतं, काका. मी मात्र इथे चहा पीत बसले. तिकडे गेलेच नाही. निशाला कुठला डास चावला ते मी सांगू शकत नाही. पण बुधाजीचं नाव तुम्ही घेतलंत."

"तोंडातून निघून गेलं."

"खाली मीटिंग सुरू होतेय. मी सांगू, की तुम्ही सांगता?"

पार्किंगमध्ये पंधरा-वीस माणसं जमली होती. काकांनी उभं राहून सगळं सांगितलं: थर्मास, स्लॅब, खोटं. आवाज चढला नाही, थांबला नाही. हेतलबेनच्या हातातलं, बुधाजीला काढायचं पत्र तसंच राहिलं. कोणीतरी मागून पुटपुटलं, "वेडा आहे की काय म्हातारा!"

"स्लॅबचं पाणी आज रात्रीच काढायला लावते," अरुंधती म्हणाली. "बुधाजींचा काही दोष नाही."

काका बुधाजीसमोर गेले. हात जोडले.

बुधाजीने त्यांच्याकडे बघितलं.

"माजी नोकरी गेली आसती, काका."

"हो."

"नुसती हाक मारली आसती तरी आलो आसतो वरती. मी पन बारा तास एकटाच बसतंय हितं."

बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. बुधाजी गेट उघडायला गेला. काका जोडलेले हात खाली न घेता तिथेच उभे राहिले.