सूचना नाहीत

माझ्या पक्षकार मास्तरीणबाईंना मी आठ महिन्यांत चार पत्रं पाठवली. एकाचंही उत्तर आलं नाही. फोन लागत नव्हता, भाड्याच्या खोलीला कुलूप होतं, आणि शेजारीण म्हणाली, "कुठे गेल्या, काही बोलल्या नाहीत."

त्यांचं अपील माहेरच्या घरातल्या मागच्या खोलीपुरतं होतं. खोलीला वेगळी वाट नाही, म्हणून ती धाकट्या भावाच्याच हिश्श्यातली, असं खालच्या कोर्टानं धरलं होतं. "वाट होती हो," बाई म्हणायच्या. कुठून, असं विचारलं की विषय बदलायच्या. एकदाच म्हणाल्या, "चारचौघांत त्याला खोटं पाडायचं जिवावर येतं."

न्यायाधीशांनी शेवटची तारीख दिली होती. पक्षकार काही कळवत नसेल तर वकील 'पक्षकाराच्या सूचना नाहीत' असं लिहून देतो आणि अपील काढून टाकलं जातं. बावीस वर्षांत असे कागद मी कितीतरी दिले आहेत. त्या सकाळी अर्ज टाइप करून कारकुनाकडे दिला. तो वाचून म्हणाला, "मॅडम, 'सूचना आहेत' असं लिहिलंय."

घाईत चुकलं असेल. मी 'नाहीत' असं हातानं दुरुस्त केलं.

पुकारा झाला. समोरच्या बाकावर भाऊ बसला होता, इस्त्रीचा शर्ट, मांडीवर पिशवी.

"बोला वकीलबाई. सूचना?"

मी कागद उचलला, आणि माझ्याच आवाजात ऐकलं, "आहेत. उत्तरेच्या भिंतीत, कपाटामागे दार आहे."

हे मला ठाऊक नव्हतं.

भाऊ उठून उभा राहिला. कुणी काही विचारायच्या आत म्हणाला, "होतं साहेब. आई गेली त्या वर्षी मी ते चौकटीसकट काढलं, विटा घातल्या. ताई परगावी होती. तिला विचारलं नाही मी."

अपील तिथंच मंजूर झालं असतं. पण न्यायाधीश काटेकोर. त्यांनी कोर्ट कमिशनर नेमला, त्याच दुपारी पाहणी ठेवली.

आधी आम्ही गल्लीतून उत्तरेची बाजू पाहिली. सलग दगडी भिंत, जुनं शेवाळ, सांधा कुठेही नाही.

मग आत गेलो. कपाट जड होतं, चौघांनी मिळून सरकवलं.

मागे विटा नव्हत्या.

दार होतं. जुनं, चौकटीसकट, तेलपाणी केलेलं.

कमिशनरनं ढकललं. हललं नाही. "पलीकडून कडी आहे," तो म्हणाला आणि लगेच माझ्याकडे पाहू लागला.

भाऊ पुढे झाला. हळूच दाराला म्हणाला, "ताई, खोली तुझीच आहे. लिहून देतो मी."

त्यानं दारावर तळवा टेकवला, चटकन मागे घेतला आणि मला म्हणाला, "तुम्ही बघा."

मी हात लावला. लाकूड गार होतं. फक्त खांद्याच्या उंचीवर, तळहाताएवढी एक जागा कोमट होती, पलीकडून कुणी हात टेकवून उभं असावं तशी.