दोर सुटायचा तुकडा

जुन्या फाटक्या फिल्मा सांधून सांधून त्याचे डोळे पार कामातून गेले होते. सगळे त्याला ठिगळ्या म्हणत आणि आता तोही त्या हाकेला ओ देई. आज त्याने मदतीला थोरल्या बहिणीला आणलं होतं. ताई जन्माची बहिरी. बोलायची हातांनी, पण समोरच्याचे ओठ घडाघडा वाचायची. मूकपट होता एका दरोडेखोराचा आणि त्याने पळवून आणलेल्या बाईचा. संवादांच्या पाट्या कुजून गेल्या होत्या. ओठ वाचून ताईने ते संवाद सांगायचे, एवढंच काम.

भर दुपारी खिडक्या लावून त्याने यंत्र सुरू केलं. सडक्या फिल्मचा आंबूस वास खोलीभर पसरला. पडद्यावर खांबाला बांधलेली बाई भराभरा बोलत होती.

"काय म्हणतेय गं?" त्याने खुणेने विचारलं.

पडद्याच्या उजेडात ताईचे हात हलले. "ती त्याच्याशी नाही बोलत... तुला विचारतेय. माझी सुटका कुठे गेली?"

ठिगळ्याने चमकून पडद्याकडे पाहिलं. दरोडेखोराला पाझर फुटतो आणि तो दोर सोडतो, तेवढा तुकडा बुरशीने खाल्ला होता. काल थकव्याने त्याच्यात जीव नव्हता. कोण बघायला बसलंय, म्हणत त्याने तो कापून पुढचं टोक जोडून दिलं होतं. हे त्याने ताईलाही सांगितलं नव्हतं.

कापलेले तुकडे पेट घेऊ नयेत म्हणून पाण्याच्या डब्यात टाकायची पद्धत होती. त्याने घाईघाईने डब्यात हात घातला. फिल्म निघाली, पण कोरी. चित्र पाण्यात विरघळून गेलं होतं. त्याला रडू यायचंच बाकी राहिलं.

"सांग तिला... आता काही उरलं नाही."

ताईने खरंच पडद्याकडे वळून हात हलवले. बाई बोलायची थांबली. मग दरोडेखोराचे ओठ हलले.

"तो म्हणतो, हिला सोडतो," ताईने हातांनी सांगितलं. "पण खांब रिकामा राहता कामा..."

हात मध्येच थांबले.

"ताई?"

पडद्यावर दोर जमिनीवर पडला होता आणि खांबापाशी कुणी नव्हतं. ठिगळ्याने दिवा लावला. ताईचे हात खुर्चीच्या पाठीमागे गेले होते, मनगटावर मनगट. त्याने जिवाच्या आकांताने ओढलं. कसलाच दोर नव्हता, तरी मनगटं सुटेनात.

ताई त्याच्याकडे बघून ओठ हलवत होती, पुन्हा पुन्हा तेच काहीतरी. तो वेड्यासारखा तिच्या तोंडाकडे बघत राहिला. ओठ वाचायला तो कधी शिकलाच नव्हता.